तेराशे मीटर

४ फेब्रुवारी

काकू,

पाकिटामागचं नाव वाचून तुम्हाला काही आठवलं नसेल. त्या नावानं तुम्ही मला कधी हाक मारलीच नाहीत. मी सावली.

तुमच्या मुलाबरोबर धावणारा. सहा वर्षं रोज सकाळी साडेपाचला तुमच्या खिडकीखाली शीळ घालणारा. तुम्ही वरून म्हणायचात, "अरे, येतोय तो, सगळी इमारत उठवशील!" मैदानावर त्याला सगळे ढांग्या म्हणायचे, कारण त्याची एक ढांग म्हणजे आमच्या दीड. आणि मी कायम त्याच्या मागे दोन हातांवर, म्हणून मी सावली. हे नाव त्यानंच ठेवलं होतं.

एकवीस वर्षांत मी तुम्हाला एक ओळ लिहिली नाही. आज लिहितोय त्याला कारण घडलंय.

मी आता धावणाऱ्या मुलामुलींना शिकवतो. त्यात एक एकोणीस वर्षांची मुलगी आहे, आठशे मीटर धावते. पाय जमिनीला लागतात की नाही असं वाटतं, म्हणून आम्ही तिला भिंगरी म्हणतो. गेल्या मंगळवारी तिसऱ्या फेरीनंतर ती कठड्याला धरून उभी राहिली. मला म्हणाली, "सर, छातीत कसंतरीच होतंय." मी तिला गाडीत घातलं. ती सारखी म्हणत होती, "सर, आता बरं वाटतंय हो, उगाच कशाला!" मी तिच्यावर ओरडलो. असा ओरडलो की मागच्या सीटवरची तिची मैत्रीण रडायला लागली.

तपासण्या झाल्या. तिच्या हृदयाचा स्नायू जाड झालाय. जन्मापासूनच असेल म्हणाले. औषधं घेऊन नीट जगेल, पण शर्यत बंद. भिंगरी आता माझ्याशी बोलत नाही. तिला वाटतं, मी गप्प बसलो असतो तर ती पुढच्या महिन्यात निवड चाचणीला धावली असती.

ईसीजीच्या खोलीत एक वयस्कर सिस्टर होत्या. त्यांनी मला ओळखलं, पूर्वी पेपरात फोटो यायचा म्हणून. बोलता बोलता म्हणाल्या, "आमच्यातल्याच एकीचा मुलगा असाच मैदानावर गेला. तिनं महिन्याभरात नोकरी सोडली. म्हणायची, मला घरातलं कळलं नाही, मी कुणाच्या उशाशी उभी राहू? नवराही तिला तेच ऐकवायचा, अगदी मरेपर्यंत."

काकू, मला हे माहीत नव्हतं. तुम्ही बदली घेऊन दुसरीकडे गेलात, एवढंच मला वाटत होतं. म्हणजे तसं वाटून घेणं मला सोयीचं होतं.

पत्ता त्यांनीच दिला. तुमची तब्येत कशी आहे? गुडघे तेव्हाही दुखायचे. उत्तर पाठवलंच पाहिजे असं नाही.

– सावली


१९ फेब्रुवारी

काकू,

उत्तर आलं नाही. येईल अशी अपेक्षा नव्हती, तरी रोज खाली जाऊन पत्रांची पेटी उघडतो. बायको म्हणते, "कुणाचं पत्र येणार आहे एवढं?" मी म्हणतो, बँकेचं.

माझं पुढं काय झालं ते आधी लिहितो.

तो गेल्यावर पंधराशे मीटरसाठी त्याच्या जागी मी गेलो. निवड चाचणीतली माझी वेळ होती तीन मिनिटं सेहेचाळीस पूर्णांक दोन. त्या मैदानावरची तोपर्यंतची सगळ्यात चांगली. ती वेळ अकरा वर्षं फलकावर राहिली आणि तिच्या जोरावर मला नोकरी मिळाली, बूट मिळाले, परदेशी जायला मिळालं.

चार महिन्यांनी पहिली मोठी शर्यत होती. पंधराशे मीटर म्हणजे पावणेचार फेऱ्या, तुम्हाला माहीत आहेच. दुसऱ्या फेरीला मला मागून पावलं ऐकू आली. धावणाऱ्याला मागची पावलं ऐकू येतातच, त्यात काही नवल नाही. पण लहानपणी जिन्यावरून पडल्यापासून त्याचा उजवा पाय किंचित जड पडायचा. टप, टप्प. टप, टप्प. सहा वर्षं तो ठेका ऐकत मी त्याच्या मागे धावलो होतो. आता तो माझ्या मागे होता, उजव्या खांद्याशी.

मला भीती वाटली नाही. खरं सांगतो, आधार वाटला. घंटा झाली, शेवटची फेरी सुरू झाली, समोरची सरळ रेघ आम्ही दोघांनी बरोबर कापली. आणि शेवटच्या वळणाच्या तोंडाशी, दोनशे मीटर उरले असताना, पावलं थांबली. हळू झाली नाहीत. थांबली. मी मान वळवून बघितलं. उजव्या खांद्याशी कुणी नव्हतं. तेवढ्यात डावीकडून दोघं गेले, उजवीकडून एक. मी पाचवा आलो.

आमचे प्रशिक्षक सर म्हणाले, "मागे काय बघत होतास? मागे काय जेवणाचं ताट मांडलं होतं?"

पुढं प्रत्येक शर्यतीत तेच. तीच जागा, तेच शेवटचे दोनशे मीटर. मी मनाशी घोकायचो, बघायचं नाही, काही झालं तरी बघायचं नाही, आणि मान आपोआप वळायची. संघातले माझ्या मानेला शेकायची पिशवी बांधायचे, म्हणायचे, याची मान त्या बाजूलाच बसवली आहे. मीही हसायचो. सगळ्यात मोठ्या स्पर्धेच्या उपांत्य फेरीत मी तिसरा होतो. तिसरा अंतिम फेरीत जाणार होता. मी मागे बघितलं आणि सेकंदाच्या बारा शतांशांनी, म्हणजे चुटकी वाजवायला लागतो त्याहून कमी वेळानं, पाचवा आलो. त्याचं चित्रण आहे. ते लागलं की मी आजही टीव्ही बंद करतो.

एकतिसाव्या वर्षी धावणं सोडलं. वाटलं होतं, शर्यत संपली की हेही संपेल. बायको म्हणते, रस्त्यानं चालतानाही तुम्ही मध्येच वळून बघता.

तो गेल्यानंतर झालेल्या चौकशीच्या दिवशी तुम्ही बाहेर बाकावर बसला होता. मी खोलीतून बाहेर आलो तेव्हा तुम्ही माझा हात धरून मला एक प्रश्न विचारला होता आणि मी उत्तर दिलं होतं. मला त्याबद्दलच लिहायचं आहे. आज होत नाही. भिंगरीच्या आईनं बोलावलंय, तिकडे जाऊन येतो.

– सावली


७ मार्च

काकू,

चार कागद फाडले. हा फाडणार नाही.

निवड चाचणीच्या दिवशी सकाळी साडेसहाला आम्ही दोघं कपडे बदलायच्या खोलीत होतो. पत्र्याची कपाटं, मध्ये लांब बाक, भिंतीला ओल. तो स्पाइक्सची, म्हणजे खिळ्यांच्या बुटांची, नाडी बांधत होता. एक पाय बांधला आणि दुसरा तसाच ठेवून बसला. मी म्हटलं, "काय रे, झोपलास का?"

तो म्हणाला, "सावल्या, काल जिना चढताना छातीत काहीतरी फडफडलं. पाखरू कोंडल्यासारखं. मग डोळ्यांपुढं अंधारी आली. पायरीवर बसलो तेव्हा थांबलं."

"आणि आता?"

"आता पण थोडं आहे."

मी विचारलं, "आईला सांगितलंस?"

तो हसला. "वेडा आहेस का? ती नर्स आहे. तिला नुसता वास लागला तरी मला खाटेला बांधून ठेवेल. आज एकच जागा आहे. संध्याकाळी सांगेन तिला. तू सरांना बोलू नकोस. शपथ घे."

मी म्हटलं, "नाही बोलत."

इथपर्यंतचं कुणालाही सांगता आलं असतं. मित्राला दिलेला शब्द पाळला, वय बावीस होतं, अक्कल नव्हती, असं म्हणता आलं असतं. पुढचं मी बायकोलाही सांगितलेलं नाही.

बाहेर आल्यावर मला आनंद झाला होता, काकू. सहा वर्षं मी त्याच्या पाठीवरचा घाम बघत धावलो होतो. एकदाही, साध्या सरावातसुद्धा, मी त्याच्या पुढं गेलो नव्हतो. आणि एकच जागा होती. चुन्यानं आखलेल्या रेषेवर आम्ही आठ जण उभे राहिलो तेव्हा माझ्या मनात एवढंच होतं की आज जमेल. आज याला पळवायचं.

मी पहिल्यांदाच पुढं राहून धावलो. आमच्यात ठरलेलं असायचं, तो वेग लावणार आणि मी मागे राहणार. त्या दिवशी तीनशे मीटरनंतर मी पुढं घुसलो. तो मागून ओरडलासुद्धा, "अरे ए! कुठं चाललास?" त्यात राग नव्हता. गंमत वाटली होती त्याला. मग तो माझ्या मागे लागला. मला माहीत होतं तो लागणार. तो कधी कुणाला सोडायचा नाही. मी प्रत्येक फेरीला वेग वाढवत गेलो आणि कान मागे लावून ठेवले. टप, टप्प. घंटेला तो माझ्या खांद्याशी होता.

शेवटच्या वळणाच्या तोंडाशी पावलं थांबली. नंतर एक आवाज आला, भरलेलं पोतं खाली टाकल्यासारखा.

काकू, मला ऐकू आलं होतं. मी चौकशीत सांगितलं की शर्यतीत मला काही कळलं नाही, शेवटची रेषा ओलांडल्यावर मागे बघितलं. ते खोटं आहे. पावलं थांबली हे मला त्याच क्षणी कळलं, तो पडलाय हेही कळलं, आणि तो का पडला हे त्या मैदानावर फक्त मला माहीत होतं. तरी मी पुढचे दोनशे मीटर धावलो. अठ्ठावीस सेकंद. माझ्या कुठल्याही शर्यतीतले सगळ्यात वेगवान शेवटचे दोनशे मीटर तेच. सर वेळ बघून आधी "शाब्बास!" म्हणाले आणि मग त्यांचं लक्ष वळणाकडे गेलं. आम्ही सगळे पळत गेलो. मीही पळत गेलो, सगळ्यांच्या बरोबर, आत्ताच कळल्यासारखा.

चौकशीच्या खोलीत काच लावलेलं टेबल होतं आणि पलीकडे तिघं. मधल्यानं विचारलं, "तुझा जोडीदार होता. तुला काही बोलला होता का?" मी म्हटलं, "नाही." त्यांनी लिहून घेतलं. नंतर अहवालात आलं की मुलानं त्रासाबद्दल मैदानावर कुणालाही कल्पना दिली नव्हती, प्रकृतीकडे घरच्यांनी लक्ष द्यायला हवं होतं. ते वाक्य माझ्या "नाही"वर उभं आहे.

बाहेर तुम्ही बाकावर होता. ड्यूटीचे पांढरे बूट तसेच पायात. माझा हात धरून म्हणालात, "तुला तरी काही बोलला होता का रे?" आणि मी म्हटलं, "नाही काकू."

भिंगरीच्या डॉक्टरांना मी परवा विचारलं, "एखाद्यानं सकाळी सांगितलं असतं तर?" ते म्हणाले, "तर त्याला धावू दिलं नसतं." मी विचारलं, "वाचला असता?" ते म्हणाले, "आयुष्यभराचं कोण सांगणार? त्या दिवशी गेला नसता, एवढं म्हणता येईल."

तुम्हाला कळलं नाही, कारण त्यानं तुमच्यापासून लपवलं. ज्याला कळलं होतं तो मी होतो. एकवीस वर्षं तुम्ही माझ्या वाट्याचं अंगावर घेऊन बसला आहात. काकांनी तुम्हाला जे ऐकवलं ते मला ऐकवायला हवं होतं.

माफ करा असं लिहायला धीर होत नाही. पण ते लिहिलं नाही तर हे पत्र अर्धंच राहील. म्हणून लिहितो. माफ करा.

– सावली


२ एप्रिल

काकू,

मागच्या पत्रात लिहिलं तेच सगळं मी, जिनं चौकशी केली होती त्या मैदानी खेळांच्या संघटनेच्या कार्यालयात लेखी द्यायला गेलो होतो. म्हटलं, अहवालातलं ते वाक्य खोडलं गेलं पाहिजे.

तिथला कारकून चष्मा कपाळावर चढवून म्हणाला, "एकवीस वर्षांपूर्वीची चौकशी? साहेब, ते कागद मध्ये इथं पाणी शिरलं तेव्हाच गेले. त्या तिघांतले दोघं वारले. तिसऱ्यांना आता स्वतःचा मुलगा ओळखू येत नाही. तुम्ही हे देणार कुणाला?"

मी म्हटलं, "तुम्ही घ्या."

"मी घेऊन काय करू?"

"शिक्का मारा."

त्यानं चष्मा डोळ्यांवर घेतला. मग शिक्का मारला आणि म्हणाला, "चहा घेणार का?" मी चहा घेतला. तो सगळं वाचत होता. मला जिन्यापर्यंत सोडायला आला आणि नंतर त्यानं ते अध्यक्षांच्या टेबलावर नेऊन ठेवलं असावं, कारण चार दिवसांनी मला बोलावणं आलं. अध्यक्ष तरुण आहेत, त्यांना यातलं काही ठाऊक नव्हतं. म्हणाले, मुलांच्या पालकांना काय सांगायचं ते ठरेपर्यंत तुम्ही मैदानावर येऊ नका. बरोबरच आहे ते.

सरांनाही सांगून आलो. ऐंशीच्या पुढे गेलेत. ऐकून घेतलं आणि म्हणाले, "मी शाब्बास म्हणालो होतो ना तेव्हा?" मी म्हटलं, हो. त्यांनी तोंड भिंतीकडे केलं. पुढं त्यांच्या सूनबाईंनी मला निघायला सांगितलं.

बायकोला सांगितलं. ती आठ दिवस माहेरी जाऊन आली. परत आल्यावर म्हणाली, "पेटीत बँकेचं पत्र आलं का बघितलंत?" म्हणजे मी कुणाच्या पत्राची वाट बघतोय ते तिला कळलं होतं.

पावलं अजून ऐकू येतात. मला वाटलं होतं, सांगितल्यावर जातील. तुम्हाला उगाच खोटं लिहायला नको.

आता मी पत्र पाठवणार नाही. तुम्हाला त्रास द्यायचा नाही.

– सावली


२० एप्रिल

सावली,

तुझी चारही पत्रं मिळाली. पहिल्या दोन पत्रांना उत्तर लिहिलं नाही, कारण खाली सावली हे नाव बघून मी ती कपाटात ठेवून दिली होती. तिसरं वाचल्यावर तीन दिवस दार उघडलं नाही. शेजारणीला वाटलं मी आजारी आहे, तिनं दार वाजवून वाजवून उघडायला लावलं.

तुला माफ केलं असं एकदा लिहून बघितलं. वाचलं तर खोटं वाटलं, म्हणून खोडलं. कधीच करणार नाही असं लिहिलं, तेही खोडलं. सध्या तो कागद कोराच राहू दे.

बाकावर मी तुझा हात धरला होता तेव्हा तुझी नाडी माझ्या बोटांखाली होती. किती जोरात चालली होती ते मला आजही आठवतं. मला वाटलं, पोरगं घाबरलंय, दुःखानं होतंय. मी तुझ्या डोक्यावरून हात फिरवला आणि तू तो फिरवू दिलास. तुझ्यावर मी सगळ्यात जास्त त्यासाठी चिडले आहे. बाकीचं नंतर.

आता माझं ऐक. त्या दिवशी सकाळी मी ड्यूटीवरून आले होते. तो निघताना त्याचा चेहरा उतरलेला दिसला. मी विचारलं, "बरं वाटत नाही का?" तो म्हणाला, "आई, तुझे पेशंट तिकडे ठेवून येत जा." आणि हसून गेला. मी पाय सोडून बसले होते, उठले नाही. गेली एकवीस वर्षं मी रोज त्या खुर्चीतून उठते आणि त्याला दारात अडवते. रोज. तुला पावलं ऐकू येतात म्हणालास. मला दार लागल्याचा आवाज येतो.

तर त्यानं मला ठरवून फसवलं होतं. संध्याकाळी सांगणार होता म्हणे! तुझं पत्र वाचून मी त्याच्यावर इतकी संतापले की त्याच्या फोटोसमोर उभी राहून मोठ्यानं बोलले. गाढवा म्हणाले, मूर्खा म्हणाले, आईला काय समजलास म्हणाले. तो गेल्यापासून मी त्याच्यावर एकदाही रागावले नव्हते. गेलेल्या मुलावर कोण रागावतं? बोलता बोलता घसा बसला आणि मग लक्षात आलं, तो खोलीत असल्यासारखं झालं होतं. बावीस वर्षांचा, उलट उत्तर द्यायला टेकलेला. इतका जवळ तो मला एवढ्या वर्षांत कधी आला नव्हता.

रविवारी ये. सकाळी दहाला. पोस्टाच्या समोरची इमारत, दुसरा मजला, डावीकडचं दार. घंटा बिघडलेली आहे, दार वाजव. बायकोला आणायची असेल तर आण, पण पहिला तासभर तिला शेजारणीकडे बसू दे.

तू माफी मागायला लागलास तर मी तुला परत पाठवीन. मला तुझ्याकडून दुसरं हवं आहे. तो कसा पडला ते मला सगळ्यांनी सांगितलं. किती वाजता, कुठल्या कुशीवर, तोंडात माती होती की नाही, सगळं. तो त्या दिवशी धावला कसा, हे मला एकानंही सांगितलं नाही. मी कधी त्याची शर्यत बघायला आले नव्हते, ड्यूटीच तशी असायची. तू पुढं घुसलास तेव्हा तो ओरडला, त्याला गंमत वाटली, असं तू लिहिलंस. ते वाक्य मी किती वेळा वाचलं त्याचा हिशेब नाही.

तर समोर बसून सगळं सांगायचं. रेषेवर तो कुठं उभा होता, अंगात काय होतं, सुरुवातीला कोण पुढं होतं, तुला गाठायला त्यानं काय केलं, घंटेला तो खुशीत होता का. काही गाळायचं नाही, घाई करायची नाही.

शेवटच्या वळणापर्यंत सांग. तेराशे मीटर. तिथं आलास की थांब.

– काकू